कोकणातल्या यात्रेविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

त्रिपुरारी पौर्णिमा झाली आणि गावोगावच्या जत्रा सुरू झाल्या, की माझ्या फोनवर निरोप यायला लागतात. कुणाला मुलाच्या लग्नाआधी कुलदैवताला जायचं असतं, कुणाला आईचा राहिलेला नवस फेडायचा असतो. कुणी लिहितं, "मन थाऱ्यावर नाही, कुठे जाऊ ते सांगा." मी मालवण तालुक्यातला. जत्रेत वडिलांचं बोट धरून चालायला लागलो, ते चालणं अजून सुटलेलं नाही. दरवर्षी तेच प्रश्न येतात म्हणून त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहून ठेवली आहेत. एखादी गोष्ट दुसऱ्या उत्तरात आली असेल, तर त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. पंढरपूरसारखं कोकणाचं एकच मोठं यात्रेचं ठिकाण कोणतं?

असं एक ठिकाण नाही. रायगडात हरिहरेश्वर आणि दिवेआगर आहे, शिवाय अष्टविनायकांपैकी पाली आणि महड. रत्नागिरी जिल्ह्यात चिपळूणजवळचा परशुराम, गुहागरचा व्याडेश्वर, हेदवी, वेळणेश्वर, गणपतीपुळे, मार्लेश्वर आणि पावस. सिंधुदुर्गात कुणकेश्वर, आंगणेवाडी, टेंबे स्वामींचं जन्मगाव माणगाव, आरवलीचा वेतोबा, सोनुर्लीची माउली, रेडीचा गणपती.

पण मुंबईहून रात्रीच्या गाडीने निघालेल्या चाकरमान्याला विचारा, कुठल्या देवाला चाललात? तो यातलं एकही नाव घेणार नाही. आपल्या गावच्या रवळनाथाचं, सातेरीचं नाहीतर भैरीचं नाव घेईल. गावच्या देवाला नारळ ठेवल्याशिवाय बाहेरच्या मोठ्या देवाला निघायचं नाही, ही आमच्याकडची जुनी रीत आहे. मला ती पटते. तुमचं गाव कोकणात असेल तर यात्रेची सुरुवात तिथूनच करा. गाव माहीत नसेल तर प्रश्न १० बघा.

२. देवदर्शनाची सहल आणि यात्रा यात फरक तो काय? दोन्हीकडे गाडीच, दोन्हीकडे देऊळच.

देवापुढे उभं राहिल्यावर काय सांगायचं, हे निघताना ठाऊक नसतं आणि पोचेपर्यंत ठरलेलं असतं, ती यात्रा. माझ्यापुरती मी एवढीच खूण धरून आहे. गाडीने गेलात की पायी, एक देऊळ केलंत की पाच, याने फारसं बिघडत नाही. मात्र वाटेत गप्प बसायला थोडा वेळ हवा. बारा जणांच्या गाडीत सकाळपासून गाणी लावली असतील, तर तो मिळत नाही.

३. दोन दिवसांत किती देवळं होतील?

गाडी असेल तर आठ-नऊसुद्धा होतील. मी ते एकदा केलं आहे. वडिलांना घेऊन शनिवार-रविवारात नऊ देवळं केली. परत आल्यावर कुठल्या देवळात काय पाहिलं हे दोघांनाही धड सांगता येईना. वडिलांना आठवत होती ती वेळणेश्वरच्या किनाऱ्यावरची संध्याकाळ, कारण टायर पंक्चर झाल्यामुळे आम्ही तिथे दोन तास बसलो होतो. तेव्हापासून मी सांगतो, दिवसाला एक मोठं ठिकाण पुरे, फार तर वाटेवरचं आणखी एक लहान देऊळ. गणपतीपुळ्याला मुक्काम केला तर पहाटेची प्रदक्षिणा शांतपणे करता येते. ती देवाभोवती नसते, सबंध डोंगराभोवती असते, सुमारे एक किलोमीटरची. तिथे डोंगर हाच देव मानलेला आहे. भरल्या उन्हात धावत पळत ती घालण्यात काही मजा नाही.

४. कोणत्या महिन्यात यावं?

कार्तिक ते फाल्गुन. हवा बरी असते, जत्रा असतात, रात्रभर दशावतारी नाटकं चालतात. चैत्र-वैशाखात घामाने जीव जातो, पण आंबा-काजू-फणस असतो. पावसात यायला मला स्वतःला फार आवडतं, कारण देवळं रिकामी असतात आणि कौलांवरून पागोळ्यांचा आवाज येत असतो. पण घाटात दरडी येतात आणि रेल्वेचं वेळापत्रक बदलतं, तेव्हा हाताशी एक दिवस जास्तीचा ठेवा. गर्दी नको असेल तर अंगारकी, महाशिवरात्र आणि मे महिन्याची सुट्टी टाळा.

५. स्वतःची गाडी नाही. जमेल का?

जमेल. गणपतीपुळे आणि पावससाठी रत्नागिरी, मार्लेश्वरसाठी संगमेश्वर रोड, कुणकेश्वरसाठी कणकवली, माणगावसाठी कुडाळ, सोनुर्लीसाठी सावंतवाडी ही स्टेशनं सोयीची. पुढे एसटी आहे, पण शेवटची गाडी कितीची ते उतरल्याबरोबर स्टँडवर विचारून घ्या. किनाऱ्याने उत्तरेकडून दक्षिणेकडे येणार असाल तर खाड्या आडव्या येतात. बागमांडला-वेसवी, दाभोळ-धोपावे, तवसाळ-जयगड अशा फेरीबोटी आहेत, त्यांवर गाड्याही चढतात. हेदवीहून गणपतीपुळ्याला जाताना तवसाळची फेरी धरली की मोठा वळसा वाचतो. बोट सुटायची वाट बघण्यातला तो अर्धा तास फुकट गेला असं मानू नका. प्रश्न २ मध्ये म्हटलेला गप्प बसायचा वेळ इथे आपसूक मिळतो.

६. पायी जायचं आहे. सवय नाही. कुठून सुरुवात करू?

रत्नागिरीहून आरे-वारे मार्गाने गणपतीपुळे साधारण पंचवीस किलोमीटर आहे. पहिल्या खेपेला हे अंतर पुरेसं आहे. पहाटे तीन-चारला निघा. कोकणात ऊन घाटावरच्यासारखं कोरडं नसतं. घाम सुकत नाही, कपडे अंगाला चिकटतात, आणि दहानंतर सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या माळावर, सावलीला एक झाड मिळत नाही. जांभा दगड तापला की अनवाणी पाय टेकवत नाही. अनवाणी चालण्याचा नेम असेल तर तो पहाटेपुरता ठेवा. पुढे चपला घाला, देव रागवत नाही.

पायाला फोड येतात ते घासण्यामुळे, आणि ओलाव्याने ते घासणं वाढतं. बोटांच्या बेचक्यात आदल्या रात्री खोबरेल तेल लावा आणि मोज्यांचा एक कोरडा जोड जवळ ठेवा. पाण्यात मीठ-साखर, नाहीतर कोकमाचं आगळ घाला. अंधारात चालताना अंगावर उजेडात चमकणारा पट्टा हवाच, वळणांचा रस्ता आहे.

आता आतलं सांगतो. पहिले दोन तास माणूस बडबडतो. मग दम लागतो आणि बोलणं आपोआप थांबतं. तिसऱ्या-चौथ्या तासाला मनात जुनी भांडणं वर येतात. भावाशी झालेलं, सासऱ्यांना बोललेलं, पैशाचं. ती आली तर घाबरू नका, ढकलूही नका. चालत राहा. वारे उतरून समुद्र समोर आला, तेव्हा मला एका वर्षी एकदम कळलं होतं की मी ज्याची तक्रार देवाकडे न्यायला निघालो होतो, त्यात निम्मी चूक माझी होती. मग पुळ्याला पोचून मागणं बदललं.

पोचल्यावर पाय बुडवायला समुद्रात जाल, तर घोट्याइतक्याच पाण्यात. गणपतीपुळ्याचा किनारा दिसायला सौम्य आहे, पण पाणी एकदम खोल होतं आणि ओढतं. तिथे माणसं बुडालेली आहेत.

७. हरिहरेश्वरची प्रदक्षिणा कोणत्या वेळी करता येते?

ओहोटीलाच. वाट डोंगर चढून पलीकडे कातळातल्या पायऱ्यांनी समुद्राच्या पातळीवर उतरते आणि लाटांनी कोरलेल्या खडकांवरून वळसा घालून देवळाकडे येते. भरतीला त्या खडकांवर लाटा आपटतात.

वेळ काढायची जुनी कोळ्यांची रीत सोपी आहे. पक्षातली तिथी घ्या आणि तिची पाऊणपट करा, तेवढ्या वाजता पूर्ण भरती. त्यानंतर साधारण सहा तासांनी पूर्ण ओहोटी. म्हणजे संकष्टीला, चारची पाऊणपट तीन, भरती तीनच्या सुमारास आणि ओहोटी नऊच्या सुमारास, दिवसा आणि रात्रीही. अष्टमीला भरती सहाला, ओहोटी बाराला. हा अंदाज आहे, अर्धा-पाऊण तास पुढे-मागे होतो, म्हणून देवळाजवळ विचारल्याशिवाय उतरू नका. अमावास्या-पौर्णिमेला ओहोटी खोल जाते पण उधाणाचं पाणी तितक्याच जोरात परत येतं. ओहोटी पूर्ण व्हायच्या थोडं आधी उतरलात तर वेळ हाताशी राहतो. पाणी चढायला लागल्यावर फोटोसाठी थांबायचं नाही. पावसाळ्यात प्रदक्षिणेचा विचारही नको.

दर्शनाचा क्रमही विचारतात. आधी काळभैरव, मग हरिहरेश्वर, मग परत काळभैरव.

८. गाऱ्हाणं म्हणजे काय? पूजा-अभिषेक केला तर ते वेगळं घालावं लागतं का?

सिंधुदुर्गात नि रत्नागिरीच्या दक्षिण भागात देवाशी बोलण्याची ही आमची पद्धत आहे. गुरव किंवा मानकरी तुमच्या वतीने देवासमोर उभा राहतो आणि खड्या आवाजात, मालवणीत, देवाला सगळं सांगतो. कोण आलंय, कुठून आलंय, कशासाठी आलंय. "बा देवा म्हाराजा, ह्या तुज्या लेकराचा काय चुकला-माकला आसात तर पोटात घाल, आणि तेची राखण कर रे म्हाराजा." प्रत्येक वाक्यामागे बाकीच्यांनी म्हणायचं, "व्हय म्हाराजा!"

अभिषेकाचे मंत्र संस्कृतात असतात, ते चांगलेच आहेत. पण गाऱ्हाण्यात तुमची अडचण तुमच्या नावानिशी, चार लोकांच्या कानावर पडेल अशी बोलली जाते. त्याआधी गुरव विचारतो, "काय सांगूचा हा?" त्या क्षणी भलेभले अडखळतात. घरून ठरवून आलेलं "सगळं चांगलं होऊ दे" एवढंच तोंडातून निघतं. माझा आग्रह आहे की तसं करू नका. एक वाक्य तयार ठेवा, खरं असलेलं. "मुलगा माझ्याशी बोलत नाही." "दुकान बंद करावं की नाही कळत नाही." यात लाज वाटण्यासारखं काही नाही. बाजूला उभी असलेली अनोळखी माणसं तुमच्यासाठी "व्हय म्हाराजा" म्हणतात, तेव्हा काय वाटतं ते अनुभवल्याशिवाय कळायचं नाही. मी पन्नाशीचा माणूस, आजही घसा दाटतो.

वेगळं घालावंच लागतं असं नाही. पण ते नुसता नारळ ठेवूनही होतं, खर्च नाही.

९. कौल लावून घ्यावा का? आणि डावा पडला तर?

देवाच्या मूर्तीला फुलाच्या पाकळ्या, कळ्या किंवा तांदूळ लावून, कुठल्या बाजूचं आधी पडतं यावरून देवाचा होकार-नकार समजून घेणं म्हणजे कौल. उजवा म्हणजे होकार. प्रत्येक देवळाची रीत निराळी, सगळीकडे कौल लावतही नाहीत.

माझं मत विचाराल तर, दुखण्यावर औषध घ्यावं की नाही, कोर्टात जावं की नाही, यासाठी कौल लावू नका. आमच्या गावातले जुने गुरवसुद्धा आजारी माणसाला आधी डॉक्टरकडे पाठवत. दोन्ही वाटा ठीक आहेत आणि मन अडलं आहे, अशा वेळी लावा. कौल पडायच्या आधी तुम्ही मनातल्या मनात कुठल्या बाजूला बघत होता, ते लक्षात ठेवा. डावा पडला तर रडत परत फिरू नका. पुन्हा गाऱ्हाणं घालता येतं, दुसरा दिवसही मागता येतो.

१०. आमचं कुलदैवत कुठलं हेच माहीत नाही. शोधायचं कसं?

आधी घरातल्या जुन्या लग्नपत्रिका काढा. वर देवाचं नाव छापलेलं असतं, ऐंशी टक्के शोध तिथेच संपतो. मग देव्हाऱ्यातले टाक बघा. मग घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या बाईला विचारा, पुरुषांपेक्षा ओटी कुठे भरतात हे बायकांना नेमकं आठवतं. मूळ गाव कळलं तर गावच्या देवळात जाऊन आडनाव सांगा, भाऊबंद भेटतातच. अनेक सारस्वत घराण्यांची कुलदैवतं गोव्यात मंगेशी, शांतादुर्गा अशी आहेत, तर बऱ्याच चित्पावन घराण्यांचं गुहागरचा व्याडेश्वर. नाही सापडलं, तर अडून बसू नका. ग्रामदेवतेला सांगा.

११. आईने नवस बोलला होता. ती गेली. काय बोलला होता तेही ठाऊक नाही.

हा प्रश्न मला दरवर्षी सगळ्यात जास्त येतो, आणि विचारणाऱ्याच्या आवाजात भीती असते. घरात काही वाईट झालं की कुणीतरी म्हणतं, "आईचा नवस राहिलाय ना."

त्या देवळात जा. साडी-नारळ घेऊन देवीची ओटी भरा, देव असेल तर नारळ-केळी. आणि गाऱ्हाण्यात जसं आहे तसं सांगायला लावा: आईने काय मागितलं आणि काय कबूल केलं ते मला माहीत नाही, तिच्या वतीने हे घे आणि तिला मोकळी कर. एवढ्याने होतं. यासाठी कुणी हजारो रुपयांचा विधी सांगायला लागलं, तर नमस्कार करून बाहेर या.

एक मात्र करून बघा. तिकडे जाताना वाटेत विचार करा, आईने काय मागितलं असेल? कुणासाठी? एका बाईंनी मला नंतर कळवलं, की विचार करता करता त्यांच्या ध्यानात आलं, त्यांना मूल व्हावं म्हणूनच आईने बोललं असणार. मुलगी सोबत गाडीतच बसली होती.

१२. आंगणेवाडीच्या जत्रेची तारीख आत्ताच सांगा, रेल्वेचं बुकिंग करायचं आहे.

सांगता येत नाही. भराडी देवीची जत्रा तिथीवर नसते, देवीचा कौल घेऊन दिवस ठरतो, आणि मग बातमी सगळीकडे होते. बहुतेक फेब्रुवारी-मार्चमध्ये येते. दीड दिवसाची जत्रा. मसुऱ्याच्या आंगणे मंडळींची ती देवी, पण दर्शन सगळ्यांना खुलं. रेल्वे जादा गाड्या सोडते, त्यांवर डोळा ठेवा.

गेलात तर रात्रीची ताटं लावण्याची वेळ चुकवू नका. आंगण्यांच्या घरातल्या बायका न बोलता रांधून नैवेद्याची ताटं देवळात आणतात. एवढ्या प्रचंड गर्दीच्या जत्रेच्या मधोमध ते मौन बघण्यासारखं असतं. रांग फार मोठी वाटली तर दुसऱ्या कुठल्याही दिवशी या, देवी तिथेच असते.

१३. आईला गुडघ्यांमुळे चढवत नाही. मार्लेश्वरला नेऊ का?

मार्लेश्वर सह्याद्रीच्या कुशीत, गुहेत आहे आणि पायऱ्या काही शेकडा आहेत. दुखऱ्या गुडघ्यांना झेपणार नाहीत. मकरसंक्रांतीला मार्लेश्वर आणि साखरप्याच्या गिरिजेचं लग्न लागतं, तेव्हा तर गर्दीत नेऊच नका. माझी आई शेवटच्या वर्षी खालच्या पायरीवर बसली, पायरीला हात लावून डोळ्यांना लावला आणि मला म्हणाली, "तू जा वर. माझा हयसूनच (इथूनच) पोचला." मी वर अंधाऱ्या गुहेत समईच्या उजेडात उभा होतो, आणि सगळा वेळ खालच्या पायरीचाच विचार करत होतो. पावस, कुणकेश्वर, माणगाव इथे चढ नाही म्हणण्याइतकाच आहे, म्हाताऱ्या माणसांना तिथे आनंदाने न्या.

१४. सुतक असताना, किंवा पाळी आली असताना काय करावं?

सुतकात देवळात जात नाहीत, दिवस संपले की जावं. पाळीबाबत प्रत्येक देवळाचा आणि घराचा नेम वेगळा आहे. त्या देवळाचा मान राखावा असं मी सांगतो, पण ऐन वेळी पाळी आली म्हणून सबंध यात्रा मोडली असं मानणाऱ्या मुलींना हेही सांगतो, की तुमचं चालणं आणि तुमचं मागणं कशाने विटाळत नाही. बाहेरून हात जोडा.

१५. देवाला काय वाहायचं? आमच्याकडे शाकाहार आहे आणि तिथे कोंबडा देतात म्हणे.

काही राखणदार देवांना तिखटा नैवेद्य असतो, तो ज्यांच्या घरात रीत आहे त्यांचा. तुमच्यावर कुणी जबरदस्ती करत नाही, नारळ सगळीकडे चालतो. आरवलीच्या वेतोबाला केळ्यांचे घड आणि चामड्याच्या मोठाल्या चपला वाहतात. वेतोबा रात्री गावाच्या राखणीला फिरतो आणि त्याच्या चपला झिजतात, अशी श्रद्धा आहे. आपण चालून देवाकडे जातो आणि आपण झोपलो की देव चालायला निघतो, या कल्पनेवर माझा फार जीव आहे.

१६. मी दुसऱ्या धर्माची आहे. मैत्रिणीबरोबर येऊ का?

जरूर. जत्रेत कुणी विचारत नाही, गाभाऱ्याचा नेम तेवढा विचारून घ्या. रत्नागिरीजवळ हातीस गावात पीर बाबरशेखांचा उरूस गावातले हिंदू पुढे होऊन करतात. कुणकेश्वरचं देऊळ वादळातून वाचलेल्या परदेशी मुसलमान व्यापाऱ्याने बांधलं, अशी आख्यायिका तिथे आवर्जून सांगतात.

१७. माझा देवावर विश्वास नाही. वडिलांना न्यायचं आहे म्हणून जातोय. हे ढोंग होईल का?

नाही. न मानता हात जोडायला कुणी सांगत नाही. शेजारी उभे राहा. वडिलांच्या गाऱ्हाण्यात तुमचं नाव येतं का ते मात्र कान देऊन ऐका. आपला बाप आपल्याबद्दल देवाला काय सांगतो, हे घरात कधी ऐकायला मिळत नाही.

१८. जाऊन आलो, पण काहीच वाटलं नाही. चूक कुठे झाली?

चूक झाली असं नाही. मलाही अनेकदा काही वाटलेलं नाही. रांग, घाम, पार्किंग आणि परत. कधी कधी ते दोन महिन्यांनी, भांडी घासताना, जत्रेतल्या खाज्याचा पुडा उघडताना येतं. पुढच्या खेपेला प्रश्न ८ मधलं एक वाक्य तयार करून जा आणि एकाच देवळात जा.

१९. यंदा कोकणात येताच येणार नाही. काय करू?

रत्नागिरीकडचे असाल तर शिमग्यात ग्रामदेवतेची पालखी घरोघर फिरते. बारा महिने आपण देवाकडे जातो, शिमग्यात देव खांद्यावरून आपल्या दारात येतो. तुमचं घर बंद असेल तर वाडीतल्या कुणाला तरी आत्ताच फोन करा, पालखी तुमच्या वाडीत कुठल्या दिवशी येते ते विचारा. अंगण झाडून, सारवून ठेवायला सांगा, ओटीचे पैसे पाठवा. आणि पालखी दारात आली की फोन लावायला सांगा, म्हणजे ढोलाचा आवाज ऐकता ऐकता तुमचं गाऱ्हाणं तुम्ही तिथूनच सांगू शकाल.